विश्लेषण : जीप, लेणी आणि वाईन एकाच दिवसात… नाशिकच्या ऑफ-रोड सहलीत चाक कुठवर न्यायचे?

सकाळी पांडवलेणी, दुपारी इगतपुरीच्या डोंगरात चिखल तुडवणारी फोर बाय फोर आणि संध्याकाळी गंगापूर धरणाच्या परिसरात वाईनचा ग्लास. शुक्रवारी रात्री मुंबई-पुण्याहून निघणाऱ्यांना नाशिकची ही तीन-इन-वन सहल भुरळ घालते. तीस सेकंदांच्या रीलमध्ये ती देखणी दिसते. पण गाडी ज्या वाटेवर उतरली ती वाट कोणाची, गाडी अडकली किंवा बुडाली तर विमा मिळणार का आणि वाईन चाखून झाल्यावर स्टिअरिंगवर कोण बसणार, हे रीलमध्ये येत नाही.

नाशिकमध्येच हे तिन्ही एकत्र कसे?

याचे उत्तर पायाखालच्या दगडात आहे. सुमारे ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वी ज्वालामुखीतून आलेल्या लाव्ह्याचे थर एकावर एक साचत गेले आणि त्यातून दख्खनचे पठार तयार झाले. काही थर घट्ट, तर काही सच्छिद्र आणि ठिसूळ. ठिसूळ थर लवकर झिजतो, घट्ट थर कड्यासारखा उभा राहतो. सह्याद्रीचे डोंगर पायऱ्या-पायऱ्यांचे दिसतात ते यामुळेच.

लेणी कोरायला जाड, एकसंध थर लागतो, तो त्रिरश्मी डोंगरात मिळाला. पायऱ्यांसारख्या उतारांवरचे सुटे दगड, घळी आणि ओढे यांमुळे ऑफ-रोडवाल्यांना हवा तसा खडबडीतपणा मिळतो. याच दगडाचा झिजून मुरूम होतो, त्यात पाणी साचत नाही. वाईनच्या द्राक्षाला मुळाशी साचलेले पाणी सोसत नाही, त्यामुळे अशा उताराच्या जमिनी त्याला मानवतात. त्यात समुद्रसपाटीपासून सुमारे ६०० मीटर उंची आणि हिवाळ्यातल्या थंड रात्री. सुला या कंपनीची पहिली वाईन २००० मध्ये बाजारात आली. त्यानंतर गंगापूर, दिंडोरी, इगतपुरी या पट्ट्यात वायनरी उभ्या राहत गेल्या.

जाहिरातीत धबधबा आणि द्राक्षांचा घड एकत्र दिसतो, ते खरे का?

नाही. इथेच अनेकांचा हिरमोड होतो. नाशिकमध्ये द्राक्षवेलीची वर्षातून दोनदा छाटणी होते. एप्रिलच्या सुमारास खरड छाटणी आणि पावसाळा सरत आला की फळछाटणी. वाईनच्या द्राक्षांची काढणी साधारण जानेवारी ते मार्च या काळात चालते. युरोपात ती ऑगस्ट ते ऑक्टोबरमध्ये होते. म्हणजे जुलैत इगतपुरीला धबधबे पाहायला आलेल्या माणसाला द्राक्षबागेत पाने भरपूर दिसतील, पण घड एकही नाही. घड पाहायचे तर फेब्रुवारीत यावे. तेव्हा धबधबे आटलेले असतात आणि चिखलाच्या जागी धूळ असते. टाक्या, पिंपे आणि वाईन चाखण्याची सोय वर्षभर असते, पण एकाच चौकटीत सगळे दाखवणारा फोटो दोन ऋतू जोडून केलेला असतो, हे बुकिंगआधी लक्षात घ्यावे.

लेण्यांपर्यंत गाडी जाते का?

पांडवलेणीपर्यंत नाही, आणि ते बरेच आहे. शहरापासून सुमारे ८ किलोमीटरवर, मुंबई-आग्रा महामार्गालगतच्या त्रिरश्मी डोंगरात ही २४ बौद्ध लेणी आहेत. गाडी पायथ्याला, दादासाहेब फाळके स्मारकाजवळ लावायची आणि पायऱ्या चढायच्या. साधारण वीस मिनिटांची चढण आहे. सहलीच्या वेळापत्रकात या जागेला अनेकदा पाऊण तासच दिलेला असतो. त्यातला बराचसा चढ-उतारातच जातो. खरे तर या दिवसभरात सर्वांत जास्त वेळ द्यावा अशी जागा हीच.

‘पांडव’ हे नाव नंतरचे. लेणी सातवाहन आणि क्षत्रपांच्या काळातली, त्यांच्या भिंतींवर ब्राह्मी लिपीतले प्राकृत लेख आहेत. दहाव्या लेण्यात क्षत्रप राजा नहपानाचा जावई उषवदात याचा लेख आहे. त्याने भिक्षुसंघासाठी ३,००० कार्षापणांची कायम ठेव ठेवली. त्यातले २,००० विणकरांच्या एका श्रेणीकडे दरमहा शेकडा १ दराने आणि १,००० दुसऱ्या श्रेणीकडे शेकडा पाऊण दराने. पहिल्या ठेवीचे वर्षाचे व्याज २४० कार्षापण होते. लेख सांगतो की या लेण्यात वर्षावास करणाऱ्या २० भिक्षूंना वस्त्रांसाठी प्रत्येकी १२ कार्षापण द्यावेत. वीस गुणिले बारा, २४०. सुमारे १,९०० वर्षांपूर्वीचा हिशेब आजही चोख जुळतो. मुदत ठेवीची पावती दगडावर कोरलेली आहे, असे म्हटले तरी चालेल.

वर्षावास म्हणजे पावसाळ्यात फिरणे थांबवून एका जागी राहणे. ज्या ऋतूत भिक्षू प्रवास थांबवत, त्याच ऋतूत आज सर्वाधिक गाड्या या डोंगरांकडे वळतात, हा योगायोग गमतीचा आहे.

तिसऱ्या लेण्यातला गौतमीपुत्र सातकर्णीचा लेखही या विषयाशी थेट नाते सांगतो. राजाने भिक्षूंना २०० निवर्तने शेत दिले आणि गोवर्धन येथील अमात्याला कळवले की या शेतात राजपुरुषांनी शिरू नये, मिठासाठी ते खणू नये. जमीन दुसऱ्याची असेल तर राजाच्या माणसालाही आत मज्जाव. वाटेतल्या शेतात गाडी घालणाऱ्या प्रत्येकाने पायऱ्या चढून हा लेख पाहून यायला हरकत नाही.

ही लेणी भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षणाच्या संरक्षणाखाली आहेत. भिंतीवर नाव कोरणे किंवा स्मारकाची नासधूस करणे यासाठी १९५८ च्या कायद्यात (२०१० च्या दुरुस्तीनंतर) दोन वर्षांपर्यंत कैद, एक लाख रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही अशी तरतूद आहे.

फोर बाय फोर घेतली म्हणजे कुठेही जाता येते?

यंत्राच्या बाजूने बरेच काही जमते. फोर बाय फोरमध्ये इंजिनाची ताकद चारही चाकांना जाते. लो रेंज गिअरमध्ये गाडी मुंगीच्या पावलाने पण प्रचंड जोराने ओढते. अनुभवी चालक चिखलात उतरण्याआधी टायरमधली हवा कमी करतो. त्याचे गणित सोपे आहे. एका चाकावर ४५० किलो भार असेल तर ३२ पीएसआय हवेवर टायरचा सुमारे २०० चौरस सेंटीमीटर भाग जमिनीला टेकतो. हवा १८ पीएसआय केली की तोच भाग साधारण ३५० चौरस सेंटीमीटर होतो. पकड वाढते, गाडी कमी रुतते आणि जमीनही कमी उखडते. परतताना डांबरी रस्त्यावर येण्याआधी हवा पुन्हा भरावी लागते, नाहीतर टायर तापून फुटण्याचा धोका असतो. म्हणूनच हवा भरायचा पंप सोबत नसलेला आयोजक दिसला तर तिथेच शंका घ्यावी.

पाण्याबाबत मात्र गाडीच्या माहितीपत्रकावर विसंबू नये. थारसारख्या गाडीची पाण्यातून जाण्याची क्षमता कंपनी ६५० मिलिमीटर सांगते. हा आकडा साचलेल्या पाण्याचा समजावा. वाहते पाणी वेगळे. फूटभर वेगवान पाणी छोटी मोटार वाहून नेऊ शकते आणि दोन फुटांत मोठ्या एसयूव्हीचाही तोल जातो. सह्याद्रीतला ओढा वर घाटमाथ्यावर पाऊस झाला की खाली ऊन असतानाही फुगतो.

आणि कायद्याने? राखीव वनात परवानगीशिवाय शिरणे हा भारतीय वन अधिनियम, १९२७ नुसार गुन्हा आहे. भंडारदऱ्याकडचा कळसूबाई-हरिश्चंद्रगड परिसर अभयारण्य आहे. तिथला प्रवेश १९७२ च्या वन्यजीव कायद्याखाली नियंत्रित आहे. त्र्यंबकेश्वरच्या वाटेवरील अंजनेरी हे संवर्धन राखीव क्षेत्र आहे. तिथल्या पठारावर अंजनेरीचेच नाव लाभलेली एक दुर्मीळ कंदीलपुष्पाची जात आढळते आणि कड्यांवर गिधाडांची घरटी आहेत. अंजनेरीवर गाडीरस्ता नेण्याचा प्रस्ताव आला तेव्हा निसर्गप्रेमींनी त्याला विरोध केला, तो यासाठीच. पठारावर मातीचा थर कुठे कुठे बोटभरच असतो. त्यावरून एकदा चाक जागच्या जागी फिरले की ती माती पुढच्या पावसात खाली जाते. खाली उरतो तो कातळ, आणि कातळावर पुन्हा माती धरायला किती वर्षे लागतील ते सांगता येत नाही.

डोंगरउतारावर नुकसान थेट शेतकऱ्याचे होते. इगतपुरी-त्र्यंबक पट्ट्यात जून-जुलैत भाताची आवणी सुरू असते. बाहेरून आलेल्याला पाण्याने भरलेले खाचर म्हणजे मस्त चिखल वाटतो. पण खाचराचा बांध टायरखाली फुटला की पाणी निघून जाते आणि खालच्या खाचरात माती भरते. धरणाचे पाणी ओसरल्यावर मोकळ्या झालेल्या गाळात काही ठिकाणी गाळपेर होते, म्हणजे तिथेही पीक असते. शिवाय त्या गाळाचा वरचा पापुद्रा वाळलेला आणि आतला चिकट ओला. काठावरून ‘नुसता एक फेरा’ मारायला गेलेली गाडी दाराच्या पातळीपर्यंत रुतते ती इथेच. मग ट्रॅक्टर कोणाचा बोलवायचा? बहुतेक वेळा ज्याच्या पिकावरून आलात, त्याचाच.

यावरचा सरळ मार्ग म्हणजे खासगी जागेत मालकाच्या संमतीने आखलेला ट्रॅक. महिंद्रा कंपनीनेही ऑफ-रोड प्रशिक्षणासाठी इगतपुरीजवळच अशी अकादमी उभारली होती. ट्रॅकवर थरार कमी असतो असे सांगितले जाते, पण पहिल्यांदाच स्टिअरिंग धरणाऱ्याला ४० अंशांच्या उतारावर थराराची उणीव भासत नाही.

वाईन चाखल्यावर गाडी चालवता येते का?

या सहलीतला खरा धोका डोंगरात नाही, परतीच्या डांबरी रस्त्यावर आहे.

मोटार वाहन कायद्याच्या कलम १८५ नुसार १०० मिलिलिटर रक्तात ३० मिलिग्रॅमपेक्षा जास्त अल्कोहोल सापडले तर पहिल्या गुन्ह्यासाठी सहा महिन्यांपर्यंत कैद, १० हजार रुपये दंड किंवा दोन्ही होऊ शकते. आता वाईन टेस्टिंगचे गणित पाहू. चाखायला मिळणारे घोट छोटे वाटतात. समजा ३० मिलिलिटरचे पाच घेतले. एकूण १५० मिलिलिटर, म्हणजे पूर्ण एक ग्लास. वाईनमध्ये १३ टक्के अल्कोहोल धरले तर पोटात सुमारे १५ ग्रॅम शुद्ध अल्कोहोल गेले. ७० किलो वजनाच्या पुरुषाच्या रक्तात त्यामुळे १०० मिलिलिटरमागे साधारण ३० मिलिग्रॅम प्रमाण होते, ५५ किलोच्या स्त्रीच्या रक्तात ५० च्या आसपास. हा ढोबळ अंदाज आहे. जेवण, शरीरयष्टी यांनुसार तो बदलतो. पण ‘मी प्यायलो नाही, फक्त चाखली’ म्हणणारा माणूस मर्यादेच्या रेषेवर किंवा पलीकडे असू शकतो, एवढे त्यातून स्पष्ट होते.

शरीर तासाला साधारण १५ मिलिग्रॅम या संथ गतीने हे प्रमाण खाली आणते. कॉफी, लिंबूपाणी किंवा तोंडावर पाणी मारल्याने त्यात फरक पडत नाही. टेस्टिंगनंतर बाहेर बसून एक ग्लास आणखी घेतला, तर कसारा घाट उतरायची वेळ होईपर्यंत शरीर मोकळे झालेले नसते. शिवाय कलम १८५ मध्ये ‘सार्वजनिक रस्त्यावर’ अशी अट घातलेली नाही. त्यामुळे ‘खासगी ट्रॅक आहे, चालते’ या आश्वासनावर विसंबू नये. सहलीचा क्रम वाईन आधी आणि जीप नंतर असा असेल तर ती सहल घेऊच नये.

विमा कामी येतो का?

मोटार विम्याच्या नेहमीच्या अटींमध्ये दारूच्या अमलाखाली गाडी चालवताना झालेले स्वतःच्या गाडीचे नुकसान वगळलेले असते. शर्यती, वेगाच्या चाचण्या यांसाठी गाडी वापरली तरी तेच. ओढ्यात इंजिनात पाणी शिरून ते निकामी झाले, तर इंजिन संरक्षणाचे वेगळे कवच घेतलेले नसल्यास दावा सहसा नाकारला जातो.

गाडी भाड्याची असेल तर नंबरप्लेट पाहावी. पांढरी पाटी खासगी गाडीची असते, ती भाड्याने चालवता येत नाही. चालकासह येणाऱ्या भाड्याच्या गाडीला पिवळी पाटी असते, तर स्वतः चालवायला मिळणाऱ्या भाड्याच्या गाडीला काळ्या पाटीवर पिवळी अक्षरे. पांढऱ्या पाटीच्या जीपमधून पैसे देऊन गेलेल्या प्रवाशाला अपघातानंतर भरपाईसाठी खेटे घालावे लागू शकतात. एटीव्हीचे आणखी वेगळे. रिसॉर्टमध्ये दिसणाऱ्या बहुतेक एटीव्हींची रस्त्यासाठी नोंदणीच नसते. त्या आवाराबाहेर गावरस्त्यावर आणणे बेकायदा आहे.

बुकिंग करताना काय विचारावे?

राज्याच्या २०२१ च्या साहसी पर्यटन धोरणानुसार आयोजकांनी पर्यटन संचालनालयाकडे नोंदणी करायची असते. नोंदणी क्रमांक मागावा. मार्ग कोणाच्या जमिनीतून जातो आणि वनक्षेत्र लागत असेल तर परवानगी आहे का, हे विचारावे. ‘तिथे कोणी अडवत नाही’ हे उत्तर म्हणजे परवानगी नव्हे. टायरला हवा भरायचा पंप, ओढायचा पट्टा आणि सोबत दुसरी गाडी आहे का, हेही विचारून घ्यावे. एकट्या गाडीने जाणे अनुभवी लोकही टाळतात.

वेळापत्रकात सकाळी लवकर पांडवलेणी ठेवावी, तेव्हा ऊन आणि गर्दी दोन्ही कमी असते. जीप दुपारच्या जेवणाआधी, वायनरी सर्वांत शेवटी. तिथून मुक्कामाच्या ठिकाणी सोडायला न पिणारा चालक लागेल, तो बुकिंगच्या वेळीच ठरवून त्याचे पैसे सहलीच्या खर्चात धरावेत.