‘कुंकू’ पुन्हां पाहतांना



गगनबावड्याच्या पावसांत एकदां दारें लावून घेतलीं, कीं संध्याकाळीं घरच्या मंडळींना दूरदर्शनसंचाखेरीज विरंगुळा उरत नाहीं. अशाच एका संध्याकाळीं ‘कुंकू’ हा जुना बोलपट लागला. मीं तो पूर्वीं पाहिला होता. नात प्रथमच पाहत होती. शेवटीं तिनें विचारलें, “आजोबा, त्या म्हाताऱ्यानं जीव कशाला दिला? तिला मोकळी करायची होती!” आजवर मी तो मृत्यु म्हणजे पश्चात्तापाची परिसीमा समजत आलों होतों. नातीच्या प्रश्नानें मला निराळाच विचार करावयास लावलें.

कोल्हापुरांत १९२९ सालीं स्थापन झालेल्या व पुढें पुण्यास गेलेल्या प्रभात कंपनीनें १९३७ सालीं हा बोलपट काढला. दिग्दर्शक व्ही. शांताराम, मूळ कथा नारायण हरि आपटे यांच्या ‘न पटणारी गोष्ट’ या कादंबरीची. फसवून वृद्ध वकिलाच्या गळ्यांत बांधलेली नीरा त्याला पति मानावयास साफ नकार देते. शांता आपटे व केशवराव दाते यांनीं या भूमिका केल्या. देवलांच्या ‘शारदे’चें (१८९९) लग्न मोडतें, त्यामुळें प्रेक्षक निश्चिंत होतो. येथें लग्न लागून गेलेलें असतें. खरा वाद तेथूनच सुरू होतो.

आतां कायदा पाहा. विधवेच्या पुनर्विवाहाला १८५६ सालींच मान्यता मिळाली होती. कित्येक जातींत काडीमोडीची रूढीहि होती. परंतु काकासाहेबांसारख्या घरांत ती नव्हती, आणि मुंबई इलाख्यांत हिंदु घटस्फोटाचा कायदा झाला तो १९४७ सालीं. सर्व देशासाठीं १९५५ सालीं. म्हणजे १९३७ सालीं जिवंत पति नीरेला मुक्त करूं शकत नव्हता. मृत पति मात्र करूं शकत होता! म्हणूनच मरणापूर्वींच्या पत्रांत काकासाहेब तिला पुन्हां विवाह करण्यास सांगतात. तो केवळ पश्चात्ताप नव्हे. बंद दारावरचा तो एकमेव उपाय होता.

हें मीं नातीला समजावून सांगितलें. ती क्षणभर गप्प राहिली आणि म्हणाली, “म्हणजे चूक कायद्याची होती.” मीं म्हटलें, “कायद्याची होतीच. पण तें लग्न ठरवणाऱ्या घराचीहि होती.” कायद्यानें दार उघडलें आहे. त्या दारापर्यंत कोणा मुलीला एकटीनें जावें लागूं नये, एवढें आपण वडील मंडळींनीं पाहावयाचें आहे.