कराटेका : जुना खेळ नव्याने घडवताना काय जपायचं?

आज आपण एकाच खेळाबद्दल बोलणार आहोत, पण प्रश्न सगळ्याच खेळांना लागू आहे. जुना व्हिडिओ गेम नव्याने बनवायचा, तर त्यातलं नेमकं काय वाचवायचं?

जॉर्डन मेकनरने 'कराटेका' लिहिला तो येल विद्यापीठात शिकत असताना, ॲपल टू संगणकासाठी. १९८४ साली ब्रॉडरबंड कंपनीने तो बाजारात आणला. गोष्ट साधी आहे. अकुमा नावाच्या दुष्ट सरदाराने मारिकोला किल्ल्यात डांबलंय आणि नायक एकेका पहारेकऱ्याशी लढत तिच्यापर्यंत जातो. नवल होतं ते हालचालींचं. मेकनरने आपल्या कराटे शिक्षकाचं सुपर-८ फिल्मवर चित्रण केलं आणि फ्रेममागून फ्रेम गिरवून त्या हालचाली संगणकात उतरवल्या.

पण आपल्याला हा खेळ आठवतो तो धाकधुकीमुळे. का? कारण जीव एकच. मेलात, की पहिल्यापासून सुरुवात. शेवटी अकुमाला हरवलंत आणि लढाईच्या पवित्र्यातच मारिकोकडे गेलात, तर ती एका लाथेत तुम्हाला संपवते! पवित्रा सोडून, साधं चालत जायचं असतं. सोडवणाऱ्याने कसं यावं, यावर तिचंही काही म्हणणं आहे.

२०१२ साली मेकनरनेच 'कराटेका' नव्याने आणला. पुन्हा पहिल्यापासून खेळायला आजचा खेळाडू तयार होईल का? यावरचा तोडगा पाहा. इथे नायक तीन : मारिकोचा खरा प्रियकर, एक भिक्षू आणि एक आडदांड गडी. प्रियकर पडला, की भिक्षू तिथूनच पुढे निघतो. तोही पडला, तर गडी. खेळ पुढे सरकतो, पण मारिकोपर्यंत कोण पोचलं त्यानुसार शेवट बदलतो. म्हणजे हरण्याची किंमत राहिली, फक्त तिचं रूप बदललं. पूर्वी वेळ जायचा; आता मनाला चुटपुट लागते.

संगीताचंही तसंच. ॲपल टूच्या स्पीकरचा एकेक आवाज प्रोसेसरलाच काढावा लागे, त्यामुळे मेकनरच्या वडिलांनी दिलेलं संगीत तुकड्यातुकड्यांनी वाजायचं. नव्या खेळात क्रिस्टोफर टिनचं संगीत लढाईतच मिसळलंय. सूर ऐकून वार अडवायचे.

काही गमावलंही. मूळ खेळात एक पाऊल पुढे, एक पाऊल मागे, असं अंतर आपणच राखायचो. नव्यात ते हातातून गेलं. लढाईचा अर्धा विचार त्या अंतरात होता, असं आम्हाला वाटतं.

म्हणून २०२३ चं 'द मेकिंग ऑफ कराटेका' महत्त्वाचं. डिजिटल इक्लिप्सने त्यात मूळ खेळ, त्याचे कच्चे आराखडे आणि नवी सुधारित आवृत्ती शेजारी-शेजारी ठेवली. नवी आवृत्ती म्हणजे मूळ खेळाचा एक अर्थ. तो पटला की नाही हे ठरवायचं, तर मूळ खेळही हाताशी हवा.

इथे थांबू. आता तुमचे प्रश्न घेऊया.