गोळी पाण्यासोबत, चहासोबत नको

धुळ्यातल्या आपल्या वस्त्यांमध्ये सकाळी कामावर निघायची घाई असते. एका हातात चहा, दुसऱ्या हातात गोळी. घोटासोबत गिळली की झाले, असे आपण समजतो.

आशाताई गरोदर बाईला देतात ती लाल गोळी घ्या. तिच्यात 60 मिलिग्रॅम लोह आणि फॉलिक ॲसिड असते. चहातील टॅनिन पोटातच या लोहाला धरून ठेवते, रक्तात ते कमी उतरते. महिनोन्महिने गोळ्या खाऊनही रक्त वाढत नाही आणि घरात बोल मात्र गोळीला लागतो. चहा आणि ही गोळी यांत निदान एक-दोन तासांचे अंतर ठेवावे. लिंबूपाण्यासोबत घेतली तर लोह अधिक लागू पडते. थायरॉईडची गोळी उपाशीपोटी, साध्या पाण्यानेच. चहा अर्ध्या ते एक तासाने.

चहा-कॉफीतील कॅफीनची गोष्ट वेगळी. दम्यासाठी दिले जाणारे थिओफायलिन हे कॅफीनचेच भावंड. दोन्ही अंगात वाढली की छातीत धडधडते, हात थरथरतात, झोप लागत नाही. लघवीच्या संसर्गावर दिले जाणारे सिप्रोफ्लॉक्सासिन चालू असेल, तर कॅफीन शरीरातून लवकर निघत नाही. नेहमीचाच तीन-चार कप चहा तेव्हा जड जातो. डोकेदुखीच्या काही गोळ्यांत तर कॅफीन आधीच असते. पाकीट पोरांकडून वाचून घ्यावे.

त्रास झाला म्हणून गोळी मनानेच बंद करू नये. चहा कमी करावा, धडधड थांबत नसेल तर लगेच दवाखाना गाठावा आणि दिवसाला किती कप होतात ते डॉक्टरांना न विचारता सांगावे.