गायन पार्टीची नोंद ज्ञानकोशात व्हावी काय?

भीमजयंतीच्या रात्री वस्तीत गाणाऱ्या एखाद्या अप्रसिद्ध गायन पार्टीवर विकिपीडियात लेख लिहावा आणि तो काही दिवसांत काढून टाकला जावा, यामागे जातीय आकस असल्याचा तर्क आपण लगेच करतो. तो कधी खराही असेल. परंतु आधी नियम समजून घेणे इष्ट.

केतकरांच्या ज्ञानकोशात वा तर्कतीर्थांच्या विश्वकोशात काय घ्यावे, हे संपादक ठरवीत. २००१ मध्ये सुरू झालेल्या विकिपीडियात कोणीही लिहू शकतो. म्हणून तेथे संपादकाच्या अधिकाराची जागा ‘उल्लेखनीयता’ या कसोटीने घेतली. विषयाशी हितसंबंध नसलेल्या विश्वसनीय, प्रकाशित साधनांनी त्याची सविस्तर दखल घेतली आहे काय, एवढेच ती विचारते. संगीतसमूहांसाठी इंग्रजी आवृत्तीत मोठ्या कंपनीने काढलेले अल्बम, राष्ट्रीय लोकप्रियता-यादीतील स्थान, मोठा पुरस्कार असेही निकष आहेत. गाणे चांगले की वाईट, हा प्रश्नच नाही. डोना स्ट्रिकलंड या भौतिकशास्त्रज्ञ विदुषीवरील लेखाचा मसुदा २०१८ च्या मे महिन्यात पुरेशा संदर्भांअभावी नाकारला गेला. त्याच वर्षी ऑक्टोबरात त्यांना नोबेल पारितोषिक जाहीर झाले.

पुरावा मागण्यात गैर काही नाही. इतिहासकारही तोच मागतो. दोष आहे तो नियमामागील गृहीतकात. जे महत्त्वाचे आहे त्याची दखल वृत्तपत्रे घेतातच, असे हे गृहीतक. भीमराव कर्डकांच्या जलशाने बाबासाहेबांचा विचार निरक्षर माणसांपर्यंत नेला, तेव्हा प्रस्थापित मराठी पत्रे कोणाच्या हाती होती? दखल घ्यायची ती १९३० मध्ये निघालेल्या ‘जनता’सारख्या आपल्याच पत्रांनी. पुढे ‘आंबेडकरी जलसे’ हा ग्रंथ खुद्द कर्डकांनाच लिहावा लागला. काटेकोर अर्थ लावल्यास हा ग्रंथ स्वतंत्र साधन नव्हे, हे मान्य. परंतु ‘जनता’ला तोच न्याय लावणे मला मान्य नाही. चळवळ एक असणे म्हणजे हितसंबंध असणे नव्हे. राष्ट्रीय कीर्तनकारांविषयी ‘केसरी’त आलेला मजकूर कोणी नाकारील काय? कर्डकांच्या जलशांवर पुढे संशोधकांनी लिहिले, म्हणून ते तरले. इतर असंख्य जलसाकारांची नावेही उरली नाहीत.

आजच्या पार्टीपाशी दोन कॅसेटी आणि एक हस्तपत्रक एवढेच असेल, तर माझ्या मते तिची नोंद तूर्त ज्ञानकोशात नको. आधी जिल्हापत्रात लेख यावा, एखाद्या विद्यापीठीय प्रबंधात तिचा अभ्यास व्हावा. (आपल्याच विद्यार्थ्याच्या पार्टीवर या स्मरणिकेत लिहिलेला लेखही स्वतंत्र साधन ठरणार नाही, हे ओघाने आलेच.) अभ्यासकाला मात्र कच्ची सामग्री हवी, आणि ती वेगाने नष्ट होत आहे. कॅसेटच्या फितींना बुरशी लागते. गाण्यांच्या वह्या रद्दीत जातात. मुकाबल्यांची हस्तपत्रके तर दुसऱ्या दिवशीच भिंतीवरून उतरतात. घरी यांपैकी काही असेल, तर त्यावर गीतकार, गायक, वादक, गाव आणि साल आजच लिहून ठेवावे. ढोलकीवाल्याचे नाव बहुधा राहून जाते.