‘ईना मीना डीका’ : एका निरर्थक गाण्याचा अर्थ



कविता शिकताना प्रत्येक शब्दाचा अर्थ विचारण्याची सवय आम्ही शिक्षकच तुम्हांस लावतो, आणि ती चांगलीच आहे. परंतु ज्या गाण्यातील बहुतेक शब्द कोणत्याही कोशात सापडावयाचे नाहीत, असे एखादे गाणे सहा दशकांहून अधिक काळ लोकांच्या ओठी राहते, तेव्हा ही सवय अपुरी पडते. ‘ईना मीना डीका’ हे असे गाणे होय. 1957 साली पडद्यावर आलेल्या ‘आशा’ या हिंदी चित्रपटातील हे गीत राजेंद्र कृष्ण यांचे. त्याला चाल दिली सी. रामचंद्र यांनी. ते किशोर कुमार यांनी गायिले, आणि त्याच चित्रपटात आशा भोसले यांच्या आवाजातही ते आहे. लोंढ्याच्या मुलांना या गाण्याविषयी सांगण्याचे एक विशेष कारण आहे. ते ओघाने येईलच.

प्रथम त्या काळाकडे पाहू. 1950 नंतरच्या दशकात अमेरिकेत ‘रॉक अँड रोल’ नावाचा संगीतप्रकार उदयास आला. तेथील कृष्णवर्णीयांचे ‘ब्लूज’ आणि गोऱ्या ग्रामीण लोकांची गाणी यांच्या मिश्रणातून तो घडला. बिल हेली यांचे ‘रॉक अराउंड द क्लॉक’ हे गाणे 1954 साली ध्वनिमुद्रित झाले आणि 1955 साली, एका शाळेचीच कथा सांगणाऱ्या चित्रपटात वापरले गेल्यावर, जगभर गाजले. या संगीताचे मर्म त्याच्या ठेक्यात आहे. आपल्या केरव्यात आपले लक्ष समेकडे, म्हणजे पहिल्या मात्रेकडे, लागलेले असते. रॉकच्या चार ठोक्यांत मात्र दुसऱ्या व चौथ्या ठोक्यावर जोर पडतो. टाळी अपेक्षेहून निराळ्या जागी पडल्यामुळे ऐकणाऱ्याचे पाय आपोआप हलू लागतात.

हा ठेका हिंदी चित्रपटात आणणाऱ्या पहिल्या काही गाण्यांपैकी ‘ईना मीना डीका’ हे एक. आणि तो आणणारा संगीतकार आपला मराठी माणूस होता, याचे काहींना नवल वाटेल. सी. रामचंद्र म्हणजे रामचंद्र नरहर चितळकर. तेव्हाच्या अहमदनगर जिल्ह्यातील पुणतांबे येथे 1918 साली त्यांचा जन्म झाला. शास्त्रोक्त गायनाचे शिक्षण घेतलेल्या या कलावंताने परक्या संगीताला अस्पृश्य मानले नाही. 1951 सालच्या ‘अलबेला’ चित्रपटात त्यांनी पाश्चात्त्य वाद्ये मनमुराद वापरली. 1963 साली ज्या गीताने सारे राष्ट्र गहिवरले, त्या ‘ऐ मेरे वतन के लोगों’ची चालही त्यांचीच. एकाच माणसाच्या प्रतिभेत ही दोन टोके सुखाने नांदत होती.

परंतु ट्रंपेट, सॅक्सोफोन, ड्रम ही वाद्ये वाजविणारे हात कोणाचे होते? ते बहुतांशी गोमंतकीयांचे होते. पोर्तुगीज राजवटीत गोव्यातील चर्चच्या शाळांतून मुलांना पाश्चात्त्य स्वरलिपी व व्हायोलिन शिकवीत असत. ही विद्या घेऊन अनेक तरुण उपजीविकेसाठी मुंबईस गेले. आल्दोणचे आंतोनियो झेवियर वाझ तेथे ‘चिक चॉकलेट’ या नावाने ट्रंपेटवादक म्हणून प्रसिद्ध झाले. ‘अलबेला’च्या संगीतात त्यांचा वाटा होता. माजोर्ड्याचे व्हायोलिनवादक अँथनी गोन्साल्विस, वाद्यमेळाची रचना करणारे सेबास्टियन डिसोझा, ही आणखी काही नावे. संगीतकार चाल गुणगुणे. गोमंतकीय सहायक ती कागदावर उतरवून, कोणत्या वाद्याने कोठे काय वाजवावे हे लिहून देई. ध्वनिमुद्रिकेवर गायकाचे व संगीतकाराचे नाव छापले जाई. या वादकांची नावे मात्र क्वचितच कोणाला कळत.

सी. रामचंद्र यांचे असेच एक गोमंतकीय सहायक होते, जॉन गोम्स. गाण्याच्या जन्माची हकिकत अशी सांगतात : संगीताच्या खोलीबाहेर मुले खेळत होती. राज्य कोणावर, हे ठरविण्यासाठी इंग्रजी मुले ‘ईनी मीनी’ म्हणत गडी मोजतात, तसे काही ती म्हणत होती. त्यावरून संगीतकाराला मुखड्याचे शब्द सुचले. मग एकाने एक शब्द जोडावा, दुसऱ्याने दुसरा, असा खेळच सुरू झाला, आणि गोम्स यांनी त्यात आपल्या घरचे दोन शब्द घातले : ‘माका नाका’.

असल्या शब्दांनी गाणे कसे उभे राहते, असा प्रश्न येथे पडेल. थोडा विचार केल्यास त्यात नवल नाही. तराण्यातील ‘तोम्, तनन’ यांना आपण अर्थ विचारीत नाही. तबल्याचे बोलही अर्थासाठी नसतात. आपल्याकडील लहान मुले ‘अरिंग मिरिंग’ म्हणून गडी मोजतात, तेव्हा त्यांनाही अर्थाची गरज भासत नाही. ‘ईना’, ‘मीना’, ‘डीका’ हे तिन्ही शब्द दोन-दोन अक्षरांचे. प्रत्येकातील पहिले अक्षर ‘ई’काराने ताणलेले आणि शेवटचे ‘आ’काराने मोकळे सुटलेले. प्रत्येक शब्द जणू ठेक्यावर टाकलेले एक पाऊल आहे. येथे शब्द हेच वाद्य झाले आहे.

परंतु ‘माका नाका’ हे शब्द निरर्थक नाहीत. माझ्यासारख्या कोकणी घरात वाढलेल्या माणसाला ते ऐकताच कळतात. त्यांचा अर्थ ‘मला नको’. भारतभर लाखो लोकांनी हे शब्द निव्वळ नाद म्हणून म्हटले. नको असलेली पेज पुढून सारणाऱ्या मुलाच्या तोंडचे ते रोजचे शब्द आहेत, हे किती थोड्यांना ठाऊक असेल!

आता लोंढ्याचा संबंध सांगतो. 1888 च्या सुमारास मुरगाव बंदरापासून घाट चढून कॅसलरॉकपर्यंत लोहमार्ग आला आणि लोंढे हे जंक्शन झाले. गोव्याहून मुंबईस जाण्याच्या दोन मुख्य वाटा होत्या. एक समुद्रावरून, बोटीची. दुसरी कॅसलरॉक, लोंढा, बेळगाव, मिरज, पुणे अशी रेल्वेची. पोटासाठी घर सोडणाऱ्या कित्येक गोमंतकीयांनी आपल्याच फलाटावर गाडीची वाट पाहिली असेल. पुढे 1955 साली, गोवामुक्तीचा सत्याग्रह तीव्र झाला असता, भारत व पोर्तुगीज गोवा यांमधील रेल्वे-वाहतूक बंद पडली. 19 डिसेंबर 1961 रोजी गोवा मुक्त झाला, त्यानंतरच ती पूर्ववत् होऊ शकली.

या सनावळीत 1957 हे साल ठेवून पाहा. गाणे गाजले, तेव्हा कॅसलरॉकपलीकडचा मार्ग बंद होता. घाटाच्या अलीकडे मुलगा व पलीकडे आई, अशी ताटातूट झालेली कुटुंबे होती. नेमक्या त्याच काळात दोन कोकणी शब्द एका मराठी संगीतकाराच्या चालीवर, हिंदी चित्रपटातून, अमेरिकन ठेका धरून देशभर फिरत होते. सरहद्दीवर माणसे व माल अडविता येतो. गाणे अडविता येत नाही.

हा प्रकार आपल्यापुरताच नाही. अमेरिकेत 1986 साली ‘रन-डीएमसी’ या कृष्णवर्णीय तरुणांच्या संचाने ‘एरोस्मिथ’ या गोऱ्या वादकवृंदाचे 1975 सालचे ‘वॉक धिस वे’ हे गाणे त्यांच्याच गायक व गिटारवादकास बरोबर घेऊन नव्याने ध्वनिमुद्रित केले. ठेक्यावर शब्द झपाझप बोलण्याची ‘रॅप’ची रीत आणि रॉकचे गिटार यांचा तो संयोग अमेरिकेच्या लोकप्रियतेच्या यादीत चौथ्या क्रमांकापर्यंत पोहोचला. त्याच्या चित्रफितीत शेजारशेजारच्या दोन खोल्यांत दोन्ही संच गात असतात आणि मधली भिंत फोडली जाते. भिंतीला भोक पडते, तेथूनच नवे संगीत आत येते.

आपल्या वर्गात मराठी, कोकणी, कन्नड, उर्दू अशा निरनिराळ्या घरांतून मुले येतात. मराठी ही आपल्या शाळेची भाषा. ती शुद्ध व सुंदर लिहिता आलीच पाहिजे, याबद्दल माझा आग्रह कायम आहे. परंतु घरचा शब्द तोंडून निसटला म्हणून कोणी ओशाळू नये, आणि ओशाळलेल्याला कोणी हसू नये. ज्या कोकणीला 1992 साली घटनेच्या आठव्या परिशिष्टात स्थान मिळाले, तिचे दोन शब्द त्यापूर्वी पस्तीस वर्षे साऱ्या देशाच्या जिभेवर खेळत होते. ते तेथे पोहोचले, कारण एका सहायकाला ते उच्चारण्याची लाज वाटली नाही आणि एका थोर संगीतकाराला ते स्वीकारण्यात कमीपणा वाटला नाही.

हे गाणे पुन्हा कानी पडेल, तेव्हा ते दोन शब्द तेवढे नीट ऐका, आणि शेजारी कोणी कोकणी न जाणणारा मित्र बसला असेल, तर त्याला त्यांचा अर्थ सांगा.