परदेशातील वैद्य : पदवी आणि हात

आंतरवासीयता संपताच शिफारसपत्रासाठी आमच्याकडे येणाऱ्या तरुण वैद्यांपैकी काहींना दुबईस जावयाचे असते, काहींना जर्मनीस; विवाहानंतर अमेरिकेस निघालेल्या भगिनीही पुष्कळ असतात. सर्वांचा प्रश्न मात्र एकच : "सर, आपली पदवी तिकडे चालते ना?" साडेपाच वर्षांच्या परिश्रमानंतर असे विचारावे लागावे, याचे वैषम्य वाटते. परंतु उत्तर न देता केवळ आशीर्वाद देऊन निरोप देणे हा त्याहून मोठा दोष, आणि तो आमच्या हातून घडला आहे.

दुबईत आरोग्य प्राधिकरणाच्या कसोटीस उतरणाऱ्यास आयुर्वेद वैद्य म्हणूनच परवाना मिळतो. जर्मनीत डॉक्टर नसलेल्यास चिकित्सा करावयाची, तर १९३९ च्या कायद्यान्वये 'हाइलप्राक्टिकर'ची परवानगी लागते. तिच्यासाठी जर्मन भाषेतून जी परीक्षा होते, तीत आयुर्वेद नव्हे, तर आधुनिक रोगज्ञान आणि कायदा विचारतात. अमेरिकेत एकाही राज्यात आयुर्वेदाचा परवाना नाही व आमच्या पदवीवर तेथील डॉक्टरांच्या परीक्षेसही बसता येत नाही. ज्या स्थलांतरिताच्या विद्येला नोकरीच्या बाजारात भाव नसतो, तो एक तर खालचे काम पत्करतो किंवा स्वतःचा व्यवसाय थाटतो. आपण त्याला उद्यमशीलता म्हणून गौरवितो. पुष्कळदा ती निरुपायता असते.

आमच्यासह शिकलेली एक वैद्या तालुक्याच्या गावी चार वर्षे दवाखाना चालवून २००६ साली पतीसमवेत कॅलिफोर्नियात गेली. तिच्या आश्रित व्हिसावर नोकरी तर नाहीच, घरी बसून कोणाला सशुल्क सल्ला देण्यासही मनाई होती. मे २०१५ पासून, ज्यांच्या जोडीदाराचा ग्रीन कार्डाचा अर्ज विशिष्ट टप्प्यापर्यंत पोचला आहे अशा आश्रितांना कामाची परवानगी मिळू लागली. तिला ती पुढील वर्षी मिळाली. मधली दहा वर्षे तिच्या हाताला नाडी लागली नाही.

कॅलिफोर्नियात २००३ पासून लागू असलेल्या कायद्याने परवाना नसलेल्यासही मर्यादित सेवा देता येते. शस्त्रक्रिया करू नये, त्वचेला छेद देऊ नये, डॉक्टरांनी दिलेले औषध बंद करण्यास सांगू नये, इत्यादी बंधने आहेत. शिवाय आपण परवानाधारक डॉक्टर नाही, हे लेखी सांगून ग्राहकाची सही घ्यावी लागते. त्याच कागदावर स्वतःचे शिक्षण व अनुभव लिहावयाचा असतो. तेथील कायद्याने आमच्या पदवीला दिलेली जागा ती एवढीच. तिची पहिली ग्राहक तो कागद वाचून उठून गेली.

पुढे तिचा जम बसला तो सूतिका परिचर्येने. बाळंतिणीच्या घरी जाऊन पेया-यूष करणे, आहार समजावणे आणि अभ्यंग. त्यांपैकी अभ्यंगासाठी तिच्या शहरात मालिशचे प्रमाणपत्र आवश्यक होते, म्हणून पन्नाशीकडे झुकलेल्या या वैद्येने ५०० तासांचा अभ्यासक्रम पुरा केला. तिने आम्हाला लिहिले, "आपण अभ्यंग केसपेपरवर लिहायला शिकलो होतो, करायला नाही." हे वाक्य आम्हाला झोंबले, कारण आमच्याही पंचकर्म कक्षात तेलाचा हात परिचारकाचाच असतो.

चरकाचार्यांनी वैद्याचे चार गुण सांगितले : शास्त्राचे निर्मळ ज्ञान, कर्माचा पुष्कळ अनुभव, दक्षता आणि शुचिता. पदवी पहिल्याचीच काय ती साक्ष देते. परदेशी नेमकी तीच साक्ष दुबळी ठरते आणि उरलेल्या तिहींवर पोट भरावे लागते. अध्यापनाची वाट निराळी. पुण्याच्या वैद्य वसंत लाड यांनी १९८४ मध्ये अमेरिकेत आयुर्वेदाची संस्था स्थापिली आणि अनेक अमेरिकी विद्यार्थी घडविले. मात्र तेथे एखादा अल्प अभ्यासक्रम केलेला सल्लागार आणि आमची पदवीधर वैद्या कायद्याच्या दृष्टीने एकाच पायरीवर उभी राहतात, हेही विसरू नये.

औषधनिर्मात्या बंधूंसाठी एक गोष्ट. तेथे आमची बहुतेक औषधे १९९४ च्या कायद्यानुसार आहारपूरक म्हणूनच विकली जातात. रोग बरा करण्याचा दावा करता येत नाही. २००८ साली अमेरिकन मेडिकल असोसिएशनच्या नियतकालिकात, इंटरनेटवरून घेतलेल्या १९३ आयुर्वेदीय औषधांपैकी सुमारे २१ टक्क्यांत शिसे, पारा वा आर्सेनिक आढळल्याचे प्रसिद्ध झाले. त्यांत अमेरिकेत बनलेली औषधेही होती. परंतु संशय आमच्या वाट्याला आला. तिच्या ग्राहकांचा पहिला प्रश्न अजून शिशाचाच असतो. निर्यातीच्या वनस्पतिजन्य औषधांची जड धातूंसाठी तपासणी आपल्याकडे २००६ पासून सक्तीची आहे. असे असता तिने तीन उत्पादकांकडे प्रत्येक बॅचचा अहवाल मागितला, तेव्हा दोघांनी उत्तरही दिले नाही. रसकल्प तिने वर्ज्यच केले. उरलेला सर्व माल ती तिसऱ्याकडून घेते.

आता आमच्या दोषाविषयी. तो कागद भरण्यापूर्वी तिने महाविद्यालयाकडे गुणपत्रकांच्या प्रमाणित प्रती मागितल्या. त्या मिळण्यास जवळजवळ वर्ष लागले. आमच्याकडे तिने अनुभवाचा दाखला मागितला, कारण दवाखाना काढण्यापूर्वी काही काळ ती आमच्याच पंचकर्म कक्षात होती. आम्ही लिहिले, 'सुशील, होतकरू व कष्टाळू.' तिला हवे होते ते किती बस्ती, किती स्नेहन-स्वेदन, किती सूतिका, याचे आकडे. त्यांची नोंद आमच्याकडे नव्हतीच.

गेल्या वर्षापासून आम्ही नोंदवही ठेवली असून दाखल्यात आकडेच लिहितो. मागील महिन्यात दुबईस निघालेल्या एका विद्यार्थिनीसाठी ती उघडली. वर्षभरात तिने स्वहस्ते दिलेले बस्ती निघाले ११. तिने दाखला न नेता आणखी तीन महिने कक्षात राहण्याची परवानगी मागितली.