पोरांचा गिनीपिग खात नाही?

सुट्टीत शहरातला मामा येतो आणि भाच्यांसाठी गिनीपिगची जोडी आणतो. सशाहून लहान, बिनशेपटीचा, गवत दिसले की शीळ घालणारा हा जीव घरादाराला लळा लावतो. मग एके दिवशी तो कोपऱ्यात अंग फुगवून बसतो. काय करावे ते कुणाला कळत नाही.

गिनीपिग मूळचा दक्षिण अमेरिकेतल्या अँडीज पर्वताचा. गाय, शेळी, कुत्रा यांच्या अंगात 'क' जीवनसत्त्व आपोआप तयार होते. गिनीपिगच्या अंगात, माणसाप्रमाणेच, ते होत नाही. नुसत्या धान्यावर ठेवलात तर २-३ आठवड्यांत त्याचे सांधे सुजतात, तो लंगडतो, हिरड्यांतून रक्त येते. औषध तुमच्या परसातच आहे. रोज पेरूच्या एक-दोन लहान फोडी आणि थोडी कोथिंबीर द्या. वाळले गवत मात्र दिवसभर पुढ्यात हवे. त्याचे दात जन्मभर वाढतात. गवत चावूनच ते झिजतात. दात वाढले की लाळ गळते आणि खाणे सुटते.

नाक वाहते, डोळ्यांना चिपडे येतात, छातीत घरघर होते? हा न्यूमोनिया असू शकतो. त्याचे जंतू सशाच्या आणि कुत्र्याच्या नाकात त्यांना त्रास न देता राहतात. म्हणून ससा आणि गिनीपिग एका खुराड्यात ठेवू नका. ओली गादी बदला, वाऱ्याच्या झोतापासून जपा. उन्हाळ्यात पत्र्याखाली तर मुळीच ठेवू नका. उष्माघाताने तो काही तासांत दगावतो.

सतत खाजवतो, केस गळतात, खपल्या धरतात, तेव्हा खरूज किंवा गजकर्ण समजा. गजकर्ण मुलांनाही लागते. हाताळल्यावर साबणाने हात धुवायला लावा.

आता सर्वांत महत्त्वाचे. शेळीचे किंवा घरातले उरलेले पेनिसिलिन, अँपिसिलिन, अमॉक्सिसिलिन त्याला कधीही देऊ नका. या औषधांनी त्याच्या आतड्यातले उपयोगी जंतू मरतात, विषारी जंतू माजतात, आणि आजाराऐवजी औषधानेच तो काही दिवसांत मरतो. जनावरांच्या डॉक्टरांकडे न्याल तेव्हाही, "हे औषध गिनीपिगला चालते ना?" असे जरूर विचारा. विचारण्यात कमीपणा नाही.

हा मुका जीव दुखणे लपवतो. म्हणून दर आठवड्याला घरच्या तराजूत त्याचे वजन करा आणि भिंतीवरच्या कॅलेंडरवर लिहून ठेवा. हे काम मुलांकडेच सोपवा. वजन उतरू लागले तर सावध व्हा. आणि सकाळपासून त्याने काही खाल्ले नसेल, लेंड्या कमी झाल्या असतील, तर "उद्या बघू" म्हणू नका. त्याच दिवशी दवाखाना गाठा. त्याचे पोट एक दिवसही रिकामे राहून चालत नाही.